चार पेन्सिल सेल

हॉटेलात चेक-इन करताना रिसेप्शनवरचा मुलगा एक पांढरं कार्ड छोट्या डबीवर टेकवतो, ‘टीं’ असा आवाज येतो आणि तुम्हाला वाटतं, वरच्या मजल्यावरच्या २०४ नंबरच्या दाराला आता आपली खबर पोचली. बहुतेकांना असंच वाटतं. माझ्या ऑफिसात दिवसभर सर्व्हर-सर्व्हर करणाऱ्यांनाही. पण आपल्याकडच्या साध्या आणि मधल्या हॉटेलांत सहसा त्या दाराला तुमच्याबद्दल काडीचीही माहिती नसते. दाराला वायर नाही, वायफाय नाही. आत चार पेन्सिल सेल, एक चिमुकली मोटर, एक घड्याळ आणि थोडीशी मेमरी. रिसेप्शनचा निरोप दारापर्यंत पोचवायचं काम तुम्हीच करता, स्वतःच्या खिशातून.

त्या कार्डात काय असतं? हॉटेलचा कोड, खोलीचा नंबर, कधीपासून कधीपर्यंत चालायचं ती वेळ आणि आधीच्या पाहुण्यापेक्षा हे कार्ड नवं आहे हे सांगणारी खूण. कुलूप स्वतःच्या घड्याळात बघतं, खूण ताडून बघतं आणि मोटरला एक गिरकी देतं. नवं कार्ड एकदा लागलं की जुनं बाद. म्हणजे जुनं कार्ड बाद झाल्याची बातमीही नवा पाहुणाच घेऊन येतो. तो खाली चहा पीत बसला असेल, तर तोवर वरच्या कुलपाच्या दृष्टीनं आधीचाच पाहुणा अजून मालक, निदान त्याच्या कार्डाची वेळ संपेपर्यंत.

हे सगळं मला कॉलेजात कोणी शिकवलं नाही. मामांनी शिकवलं.

मामा छावणीतले चावीवाले. औरंगाबाद बावन्न दरवाजांचं शहर, असं शाळेत घोकून घेतलेलं असतं. आता शहराचं नाव छत्रपती संभाजीनगर झालंय, पण छावणीचं नाव छावणीच आहे. खाम नदीच्या अलीकडे लष्कर, पलीकडे शहर. आमच्याकडून मिल कॉर्नरला जायचं तर बारापुल्ला दरवाजातून जावं लागतं. त्यामुळे दार म्हणजे ज्यातून ट्रॅफिक जातं ते, अशी माझी लहानपणीची समजूत. मामांची समजूत मात्र पक्की होती. गुरुवारच्या आठवडी बाजारात छत्री टाकून ते बसायचे. समोर पत्र्याची पेटी, कानस, छोटा वाइस आणि तारेत ओवलेल्या शेकडो कोऱ्या चाव्या. गोदरेजनं १८९७मध्ये मुंबईत कुलपं बनवायला सुरुवात केली, हे त्यांना तोंडपाठ. त्यांच्या ‘नवताल’ कुलपाचा उल्लेख ते अजूनही एखाद्या मोठ्या गवयाचं नाव घ्यावं तसा करतात.

मग मोटारसायकलींच्या चाव्या आल्या, मग रिमोट आले आणि पुढं कधीतरी स्टेशन रोडच्या एका हॉटेलवाल्यानं विचारलं, भाऊ, हे कार्डाचं कुलूप बघता का, पुण्याहून माणूस यायला चार दिवस लागतात. मामा दहावी नापास. पण त्यांनी ते कुलूप उघडलं, आत बघितलं आणि म्हणाले, “लॅच तेच, स्प्रिंग तीच. फक्त चावी फिरवणारा हात बदललाय.” आज शहरातल्या आठ-दहा हॉटेलांची कुलपं त्यांच्या भरवशावर चालतात.

माझा प्रवेश झाला २०२०च्या डिसेंबरात. मी पुण्याच्या कंपनीचं काम छावणीतल्या घरातून करत होतो. मार्चपासून बंद असलेल्या अजिंठा-वेरूळच्या लेण्या १० डिसेंबरला उघडणार असं जाहीर झालं आणि आठ-नऊ महिने ओस पडलेल्या हॉटेलांना एकदम खोल्या आठवल्या. मामांचा फोन वाजत सुटला. दारं उघडेनात. शनिवारी मामा म्हणाले, “चल, कंप्युटरवाला सोबत असला की बरं वाटतं.”

कारण साधं होतं. कुलपांत सेल तसेच राहून गेले होते आणि फुटले होते. कप्प्यात पांढरी-हिरवी बुरशी आल्यासारखं दिसायचं, स्प्रिंगा खाल्लेल्या. मामा खिशातून लिंबू काढायचे. मला वाटलं, नजर उतरवतात की काय. पण अल्कलाइन सेलमधून गळतं ते नावाप्रमाणे अल्कली, त्याला लिंबाचं आम्ल उतारा. कापसाच्या बोळ्यानं पुसायचं, मग कोरडं करायचं, मग पॉलिश पेपर. स्वस्तातले साधे झिंकचे सेल असले तर गळणारा रस आम्लधर्मी, तिथं लिंबू कामाचं नाही, खायचा सोडा लागतो. हे दोन्ही मामांना रसायनशास्त्राच्या पुस्तकाविना माहीत. दारं उघडायला त्यांच्याकडे कुलपाच्या पट्टीखाली लपवलेल्या खाचेची साधी धातूची चावी असायचीच. एवढं इलेक्ट्रॉनिक्स करूनही शेवटी एक कानशीनं घासता येईल अशी चावी ठेवावी लागते, याचं त्यांना फार समाधान.

नव्या सेलचं पाकीट फोडलं की ते काळ्या मार्करनं प्रत्येक सेलवर तारीख टाकतात. चारही एकाच पाकिटातले पाहिजेत. हॉटेलवाले टीव्हीच्या रिमोटमधले अर्धमेले सेल कुलपात आणि कुलपातले रिमोटमध्ये असा व्यवहार करतात. त्यावर मामांच्या तोंडी जे शब्द येतात ते इथं छापता येणार नाहीत.

मित्रांना मी हे सांगितलं की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला: म्हणजे तू कुठलीही रूम हॅक करू शकतोस? या प्रश्नाला इतिहास आहे. नॉर्वेच्या टोर सॉर्नेस यांनी १९७०च्या दशकात पहिलं कार्डाचं कुलूप बनवलं तेव्हा त्या प्लास्टिकच्या कार्डाला ३२ जागी भोकं पाडायची सोय होती. प्रत्येक जागी भोक आहे किंवा नाही. दोनचा ३२वा घात, म्हणजे ४ अब्ज २९ कोटींच्या वर जोड्या. तेव्हा जगाची लोकसंख्या साधारण तेवढीच होती. त्याच दशकात, १९७४मध्ये, अमेरिकी गायिका कॉनी फ्रान्सिस हिच्यावर न्यू यॉर्कजवळच्या एका मोटेलच्या खोलीत बलात्कार झाला. खोलीचं सरकतं काचेचं दार लागल्यासारखं दिसायचं, पण बाहेरून सहज उघडायचं. तिनं मोटेलवर दावा लावला आणि ज्युरीनं २५ लाख डॉलरची भरपाई मंजूर केली. खोलीचं दार ही हॉटेलची जबाबदारी आहे, हे तिथल्या धंद्याला त्यानंतर नीट कळलं.

कुलपं नवी झाली तशा फटीही नव्या. २०१२मध्ये लास वेगासच्या ब्लॅक हॅट परिषदेत कोडी ब्रोशस यानं ५० डॉलरहून कमी किमतीच्या सामानात ऑनिटी कंपनीची कुलपं उघडून दाखवली. कुलपाच्या खालच्या अंगाला प्रोग्रॅमिंगसाठी एक गोल भोक होतं, जुन्या नोकियाच्या चार्जरला असायचं तसलं. त्यात पिन घातली की कुलूप काही न विचारता स्वतःची मेमरी वाचून दाखवायचं. मार्च २०२४मध्ये संशोधकांच्या दुसऱ्या गटानं ‘अनसॅफलॉक’ नावानं जाहीर केलं की सॅफलॉकची ३० लाखांहून जास्त कुलपं, १३१ देशांतली, अशी उघडता येतात. कंपनीला त्यांनी हे २०२२मध्येच कळवलं होतं. दीड वर्षात दुरुस्त झाली होती फक्त ३६ टक्के.

माझ्या धंद्यातल्या माणसाला हा आकडा आळशीपणाचा वाटतो. आम्ही दुपारी पॅच लिहितो आणि संध्याकाळपर्यंत तो लाखो फोनांवर जातो. पण मामांसोबत एक मजला फिरा. कुलूप ऑफलाइन आहे. त्याला सुधारायचं तर एकेका दारापाशी जिवंत माणूस जायला पाहिजे, आणि तेही खोली रिकामी असताना. १४ खोल्यांच्या मजल्याला अख्खी दुपार जाते. ३० लाख दारं म्हणजे किती मामा लागतील, हा हिशेब मी करून बघितला आणि सोडून दिला.

बरं, तर मित्रांच्या प्रश्नाचं उत्तर: आमच्या या दोन-तीन वर्षांच्या फिरण्यात एकही खोली कोणी हॅक केलेली सापडली नाही. जे झालं ते वेगळंच होतं.

या कुलपांना कामाला लावायला वेगवेगळी कार्डं लागतात. पाहुण्याचं, मजल्याचं, मास्टर, इमर्जन्सी. शिवाय काही कार्डं दार उघडत नाहीत, दाराशी बोलतात. एक कार्ड खोलीचा नंबर सांगतं. एक रेकॉर्ड कार्ड, ते लावलं की कुलूप आपल्या वहीतल्या नोंदी त्यावर ओततं: कुठलं कार्ड, किती वाजता. आणि एक घड्याळ कार्ड. सेल बदलताना वेळ विसरली गेली तर ती परत सांगण्यासाठी. रिसेप्शनच्या कंप्युटरवर कार्ड टेकवायचं, त्यावर त्या क्षणाची वेळ लिहिली जाते, मग ते दाराला लावायचं.

आता इथं क्षणभर थांबा. कार्डाला स्वतःचं घड्याळ नाही. तीनला लिहिलेलं कार्ड सव्वातीनला दाराला लावलं, तर दार म्हणतं, अच्छा, तीन वाजले.

२०२२ची दिवाळी झाली होती, सीझन भरात. स्टेशन रोडच्या बाजूच्या एका हॉटेलात २१३मध्ये उतरलेल्या कुटुंबाचे सोन्याचे डूल गेले. पाहुणे सकाळी दहाला बाहेर पडले होते, लॉबीच्या कॅमेऱ्यात ते १२.२०ला परतताना दिसत होते. वर जाऊन आले आणि १२.४०ला खाली जेवायला बसले. तक्रार संध्याकाळी केली. वरच्या कॉरिडॉरचा कॅमेरा बंद होता. मॅनेजरनं २१३च्या कुलपाचं रेकॉर्ड काढलं. हाउसकीपिंगच्या मजला-कार्डानं दार १२.०४ला उघडलं होतं. म्हणजे पाहुणे बाहेर असताना. आणि त्या मजल्यावर त्या दिवशी काम करणारी मावशी सांगत होती, “सकाळी दारावर डिस्टर्ब करू नका पाटी होती. ते लोक जेवायला उतरले, रिसेप्शननं सांगितलं, मग मी गेले. एकदाच गेले.”

तिला दुसऱ्या दिवसापासून येऊ नको सांगितलं. पोलिसांत गेले नाहीत, हे उपकार म्हणून ऐकवलं. मशीन खोटं बोलत नाही, असंही ऐकवलं.

मावशी भावसिंगपुऱ्याची. नऊ वर्षं त्या हॉटेलात. गुरुवारी ती बाजारात मामांच्या छत्रीपाशी आली. मी तिथंच होतो, मामांना यूपीआयचा स्पीकर लावून देत होतो. ती रडली वगैरे नाही. तिनं विचारलं, “भाऊ, मी बारा वाजता आत गेलेच नाही, तर त्या कुलपात मी कशी काय गेले?”

मामांनी माझ्याकडे बघितलं. “तू बघ बरं, हे काय म्हणायलंय.”

शनिवारी आम्ही गेलो. मॅनेजर वाईट माणूस नव्हता. पाहुण्यांनी ऑनलाइन एक स्टार देऊन चार ओळी लिहिल्या होत्या आणि मालकाचे फोन येत होते. त्यानं प्रिंट दाखवली. एकच ओळ, पिवळ्या हायलायटरनं रंगवलेली. सॉफ्टवेअरमध्ये ‘कार्डाचा प्रकार’ असा फिल्टर होता, त्यात मजला-कार्ड निवडून काढलेली. मी म्हटलं, फिल्टर काढून पूर्ण यादी द्या.

पूर्ण यादीत १२.०४च्या वर एक ओळ होती. पाहुण्यांचं स्वतःचं कार्ड, ११.४१.

पाहुणे ११.४१ला स्वतःच्या कार्डानं २१३ उघडत होते, आणि त्याच वेळी लॉबीच्या कॅमेऱ्याप्रमाणे ते हॉटेलात नव्हतेच. १२.२०ला परतले, वर जायला एक-दोन मिनिटं. म्हणजे ती ओळ १२.२२ची. मग १२.०४ची ओळ १२.४५ची. पाहुणे जेवायला बसल्यावर पाच मिनिटांनी. मावशीनं सांगितलं होतं अगदी तसंच.

मी आधी कॅमेऱ्याच्या डीव्हीआरची वेळ फोनशी ताडली. एका मिनिटाचा फरक. मग मामांनी एकेक दार उघडून त्याचं रेकॉर्ड काढलं आणि मी फोनमधली वेळ लिहीत गेलो. २०१ दोन मिनिटं मागे. २०२ चार. २०५ दहा. २०९ अठरा. २१० एकदम पस्तीस. २१३ एक्केचाळीस. महिन्यापूर्वी मेंटेनन्सच्या मुलानं त्या मजल्याचे सेल बदलले होते. खाली एकदाच घड्याळ कार्ड बनवलं आणि तेच घेऊन दारोदार गेला. एका दाराला दोन मिनिटं. २०९ आणि २१०च्या मध्ये पंधरा मिनिटं कुठं गेली, हे मी त्याला विचारलं. तो लाजून म्हणाला, “चहा.”

मला हसू आलं आणि लगेच गेलं. त्या पोराचा चहा एका बाईच्या नऊ वर्षांच्या नोकरीवर सांडला होता. त्याचा तरी काय दोष. कार्ड थिजतं हे त्याला कोणी सांगितलं होतं? कुलपासोबत आलेल्या इंग्रजी पुस्तिकेत एक ओळ होती, तीही अशी भाषांतरित की मला दोनदा वाचावी लागली.

माझ्या क्षेत्रात हा प्रश्न जुना आहे. १९७८मध्ये लेस्ली लॅम्पोर्ट यांनी एक शोधनिबंध लिहिला, वितरित सिस्टिम शिकताना तो वाचावाच लागतो. गाभा असा: वेगवेगळ्या कंप्युटरांची घड्याळं कधीच नेमकी जुळत नाहीत, त्यामुळे कशानंतर काय झालं हे ठरवायला त्यांच्या वेळांवर विसंबू नका. पण एकाच मशीनमध्ये आधी काय आणि नंतर काय, हा क्रम धरून चालता येतं. निरोप पाठवणं हे निरोप मिळण्याच्या आधीचंच असतं, हेही. परीक्षेसाठी मी त्यातल्या बाणांच्या आकृत्या पाठ केल्या होत्या. २१३च्या दारात उभं राहून कळलं की ते कुलूप एक मशीन, लॉबीचा कॅमेरा दुसरं, आणि मॅनेजरनं एकाचा आकडा दुसऱ्याच्या आकड्याशेजारी ठेवून मावशीला खोटं ठरवलं होतं. क्रम मात्र कुलपानं बरोबर जपला होता. आधी पाहुणे, मग मावशी. रंगवलेल्या ओळीच्या फक्त एक ओळ वर.

मॅनेजर बराच वेळ यादीकडे बघत होता. मग म्हणाला, “पण डूल तर गेलेच ना. आणि ती आत तर गेलीच ना.”

हेही खरंच होतं. मी ती यादी कितीही वेळा वाचली असती तरी डूल कोणी घेतले ते तिच्यात नव्हतं. पाहुणे आत येऊन गेल्यानंतर ते होते की नव्हते, बाहेर वेरूळला पडले की काय, यातलं काहीच कुलपाला माहीत नसतं. आतून हँडल दाबून कोणी बाहेर पडलं तर तीही नोंद या कुलपात होत नाही. अजून एक गोष्ट होती. ते मजला-कार्ड मावशीचं नव्हतंच. तीन शिफ्टच्या तिघी तेच वापरायच्या, रिसेप्शनच्या खिळ्याला टांगलेलं. कुलपाच्या वहीत हात नसतात, कार्डं असतात. १२.०४च्या ओळीत मावशी आहे हे मॅनेजरनं ठरवलं होतं. यादीवरून सिद्ध झालं ते एवढंच, की ती बोलली ते खरं होतं. मला ते पुरेसं वाटलं. मॅनेजरला वाटायला चार दिवस लागले, आणि मालकाशी मामांनी बोलावं लागलं. मामांनी काय सांगितलं ते मी ऐकलं नाही. बाहेर आल्यावर इतकंच म्हणाले की, “त्याला म्हटलं, मजल्याची सगळी कुलपं फुकट लावून देतो, पण आधी त्या बाईला फोन कर.”

अकराव्या दिवशी तिला परत बोलावलं. मधल्या दिवसांचा पगार दिला नाही. डूल मिळाले नाहीत. तिनं जाताना एक अट घातली: खिळ्यावरचं कार्ड मी घेणार नाही, माझं वेगळं कार्ड करा. हे करायला सॉफ्टवेअरमध्ये पहिल्या दिवसापासून सोय होती. पाच मिनिटांचं काम. मी तिथं बसूनच तिघींची तीन कार्डं करून दिली. नावाच्या रकान्यात दहाच इंग्रजी अक्षरं मावत होती, तिच्या आडनावाची दोन बाहेर राहिली. तिनं कार्ड उलटसुलट करून बघितलं आणि पदराच्या टोकाला बांधलं.

मामांनी आता नियम केलाय. घड्याळ कार्ड दर दाराला नवं. मुलगा कुरकुरतो, कारण प्रत्येक वेळी जिना उतरावा लागतो. मग मी रिसेप्शनचा एन्कोडर जुन्या लॅपटॉपला जोडून दिला, तो आता मजल्यावरच घेऊन जातो. महिन्याच्या पहिल्या तारखेला प्रत्येक दाराची वेळ आणि फोनची वेळ एका रेघी वहीत शेजारी शेजारी लिहायची, खाली सही. ती वही रिसेप्शनच्या खणात असते. मावशीला वाचता येतं, पण चष्मा घरी राहतो. ती मुलाला सांगते आणि तो २१३ची ओळ तेवढी मोठ्यानं वाचून दाखवतो.